टॅबलेटाची झाडझूड

माणसाच्या हाती रिकामी जागा आली की ती तो भरल्यावाचून राहत नाही. हा नियम पदार्थविज्ञानाच्या क्रमिक पुस्तकात अद्याप कोणी कसा घातला नाही, याचे आम्हांला नेहमी नवल वाटत आले आहे. घरात नवे फडताळ करावे, तर दोन दिवाळ्या उलटतात न उलटतात तोच त्यात दांडा तुटलेल्या छत्र्या, जोडीदार हरवलेले मोजे, बंद पडलेली घड्याळे आणि कोणत्या कुलपाच्या हे कोणीच सांगू शकत नाही अशा किल्ल्या येऊन बसतात. त्यांतील एखादी वस्तू कोणी बाहेर काढू लागला की घरातील वडील माणूस हटकून म्हणते, "असू दे, लागेल केव्हातरी." या चार शब्दांवर समस्त मराठी घरांचे माळे उभे आहेत.

तरीही घरातील अडगळीची एक सोय असते. ती दिसते, पायांत येते, तिच्यावर धूळ बसते. बोहारीण दारात येऊन बसली किंवा भंगारवाल्याची आरोळी गल्लीत ऐकू आली की तिची आठवण होते. टॅबलेटाच्या पोटातील अडगळीचे तसे नाही. हजार छायाचित्रांनी फुगलेला टॅबलेट आणि कोरा टॅबलेट तराजूच्या दोन पारड्यांत घातले तर काटा लवमात्र हलणार नाही. बाहेरून तीच काच आणि तीच चकाकी. आत मात्र पाऊल ठेवायला जागा नसते.

आमच्या घरी टॅबलेट आला तो २०२० साली. त्या वर्षी साथीमुळे शाळांची दारे बंद झाली आणि १ सप्टेंबरपासून तेलंगणातील शाळांचे पाठ दूरदर्शनच्या यादगिरी वाहिनीवरून व टी-सॅटवरून सुरू झाले. घरात फोन एक आणि शिकणारी मुले दोन, असा हिशेब असल्याने हे यंत्र घ्यावे लागले. साथ सरली, शाळा उघडल्या, पण एकदा घरात आलेला पाहुणा मुक्काम वाढवतो त्याप्रमाणे टॅबलेट राहिला तो राहिलाच. आमची पुतणी त्यावर अभ्यास करी, पुतण्या क्रिकेट खेळे, आई कीर्तने ऐके आणि आम्ही वर्तमानपत्रे वाचीत असू. प्रत्येकाने आपापल्या सोयीचे ॲप त्यात घातले. काढले मात्र कोणीच काही नाही.

त्यातच आम्ही पडलो आदिलाबादकर. येथील मराठी घराचे एका भाषेवर कधी भागले नाही. उत्तरेस पैनगंगा ओलांडली की यवतमाळ जिल्हा लागतो. आगगाडीत बसले तर ती किनवटवरून मुदखेडला नेऊन सोडते. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत हा मुलूख हैदराबाद राज्यात होता, त्या दिवशी आंध्र प्रदेशात गेला आणि २ जून २०१४ रोजी तेलंगणात आला. पुढे ११ ऑक्टोबर २०१६ रोजी जिल्ह्याचेही चार तुकडे झाले. माणसे जागच्या जागी राहिली आणि पाट्या मात्र बदलत गेल्या. त्यामुळे घरात मराठी, बाजारात तेलुगू, शेजारी उर्दू, कागदोपत्री इंग्रजी आणि डोंगराकडून आलेल्या माणसांच्या तोंडी गोंडी, असा येथील रोजचा क्रम आहे. टॅबलेटातही मग त्या हिशेबाने कळफलक आले, शब्दकोश आले, भाषांतर करणारे साहाय्यक आले. जे घर पाच भाषांत बोलते त्याचा टॅबलेट लवकर भरतो, असे आम्ही विनोदाने म्हणत असू. ते कितपत खरे होते हे पुढे कळलेच.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत यंत्राने हात टेकले. पुतणी यंदा दहावीला आहे. तिला गणिताचे काही पाठ उतरवून घ्यावयाचे होते, आणि पडद्यावर अक्षरे उमटली ती अशी : जागा शिल्लक नाही. बरे, नकार देऊन ते स्वस्थ बसते तरी बरे होते. बोट ठेवावे आणि बैलगाडी घाटात अडावी तसे ते जागच्या जागी थबकू लागले.

जागा संपली की यंत्र मंद का होते, याचे कारण मुलांना समजावून सांगण्यासारखे आहे. टॅबलेटाची स्मृती ज्या प्रकारची असते तिला फ्लॅश म्हणतात. तोशिबा कंपनीतील फुजिओ मासुओका यांनी ती १९८० नंतरच्या दशकात शोधून काढली. या स्मृतीचा स्वभाव मोठा चमत्कारिक आहे. तिच्यावर लिहिताना पान पान लिहिता येते, परंतु पुसताना एक पान पुसता येत नाही. पानांचा सबंध गठ्ठाच पुसावा लागतो. म्हणून गठ्ठ्यातील एक पान नको झाले तर उरलेली कामाची पाने आधी दुसरीकडे उतरवून ठेवावी लागतात आणि मग गठ्ठा कोरा करता येतो. आमच्याकडील कापसाचे गोदाम ज्यांनी पाहिले आहे त्यांना हे सहज पटेल. गोदाम आढ्यापर्यंत भरले असेल तर तळातील भिजलेला कापूस बाहेर काढायचा कसा? वरचा कापूस हलवून ठेवण्यापुरती तरी मोकळी जागा हवीच. ती नसेल तर हमालांचा सारा दिवस हलवाहलवीतच जातो. भरलेल्या टॅबलेटाचे तेच होते. तो आळशी झालेला नसतो, उलट नको इतका राबत असतो.

आम्ही तिघे, म्हणजे आम्ही, पुतणी आणि पुतण्या, एका दुपारी यंत्र पुढ्यात घेऊन बसलो. आई शेजारी वाती वळीत होती.

प्रथम जमाखर्च पाहिला. सेटिंग्जमध्ये साठवणीचे पान उघडले की कोणी किती जागा अडवली आहे ते उतरत्या क्रमाने दिसते. तेथेच पुतण्याला पहिली शंका आली. यंत्र घेतले तेव्हा खोक्यावर ३२ जीबी लिहिले होते, मग संगणकाला जोडल्यावर ते २९.८ कसे दाखवते? दुकानदाराने फसवले की काय? फसवणूक नाही. विकणारा हजाराच्या पटीने मोजतो आणि पुष्कळ संगणक १०२४ च्या पटीने मोजतात, म्हणून ३२ चे २९.८ होतात. आपल्या देशात १९५८ पासून दशमान वजने येऊ लागली, त्यापूर्वी एका गावचा शेर दुसऱ्या गावच्या शेराला जुळत नसे, त्यातलाच हा प्रकार. शिवाय त्या जागेतील मोठा हिस्सा यंत्राची स्वतःची प्रणाली आधीच व्यापून बसते. घर बांधले तरी भिंतींच्या जाडीत आपल्याला राहता येत नाही, तसेच हे.

सोपी कामे भराभर उरकली. शुभ सकाळ म्हणणाऱ्या गुलाबांची, मोरांची आणि उगवत्या सूर्यांची जी रास निघाली ती पाहून आम्ही थक्क झालो. एकच सूर्य सात निरनिराळ्या आप्तांकडून आला होता आणि यंत्राने तो सातदा जपून ठेवला होता. पाहून झालेले, तरीही उतरवून ठेवलेले चित्रपट निघाले. हे सारे पुसले तरी जागा वाढेना, तेव्हा पुतणीने नेमकी गोष्ट शोधून काढली. पुसलेल्या वस्तू यंत्राच्या कचरापेटीत बहुधा तीस दिवस पडून असतात. चुकून पुसले तर परत घेता यावे म्हणून ही सोय आहे. पेटी रिकामी केली तेव्हा कोठे जागा मोकळी झाली.

मग कॅशेचा प्रश्न आला. या शब्दाला मुले फार भितात, पण त्यात भिण्यासारखे काही नाही. स्वयंपाक करताना लागणारे डबे गृहिणी ओट्यावर काढून ठेवते, तशी ॲप्स वारंवार लागणारा माल हाताशी काढून ठेवतात. तो ओटा आवरला तर घरातील धान्य जात नाही, पुढल्या वेळी डबे पुन्हा काढण्यापुरता थोडा उशीर लागतो इतकेच. त्याच पानावर डेटा पुसण्याची दुसरी कळ असते आणि ती मात्र धान्याच्या कणगीलाच हात घालते. खेळातील जमवलेले गुण, लिहून ठेवलेली टिपणे, आतील ओळख, सारे त्याबरोबर जाते. दोन कळा शेजारी शेजारी ठेवणाऱ्याने थोडा विचार करावयास हवा होता, असे आम्हांला वाटते.

आणखी एक जात निघाली ती यंत्राबरोबरच आलेल्या ॲप्सची. ती काढताच येत नाहीत. फार तर अक्षम करता येतात, म्हणजे त्यांचे नंतर आलेले थर निघतात, ती चालू राहत नाहीत, पण जागेवरून मुळी उठत नाहीत. जुन्या वाड्यातील भाडेकरूंची आठवण व्हावी असा हा मामला असल्याने आम्ही त्यांच्याशी फार वाद घातला नाही.

एवढे झाल्यावर यंत्रानेच मदतीचा हात पुढे केला. 'वापरात नसलेली ॲप्स' अशी एक यादी त्याने पुढे ठेवली आणि ती सारी काढून टाकावीत अशी नम्र सूचना केली. यादीत सात नावे होती. कधीकाळी एका लग्नाला जाताना घेतलेले प्रवासाचे ॲप होते, छायाचित्रातील माणसाला मिशा लावणारे एक होते. ती दोन्ही आम्ही आनंदाने काढली. आणि चौथे नाव होते मराठी शब्दकोशाचे.

पुतण्या म्हणाला, "काका, हाही काढू या. सहा महिन्यांत कोणी उघडलेला नाही."

"आणि तुझे क्रिकेट?"

"ते यादीत नाही," तो विजयाने म्हणाला. "ते मी रोज उघडतो."

त्याचे म्हणणे यंत्राच्या दृष्टीने बिनतोड होते. यंत्राला एकच गोष्ट ठाऊक असते, ती म्हणजे शेवटी उघडल्याची तारीख. जे काल उघडले ते कामाचे आणि जे सहा महिन्यांत उघडले नाही ते बिनकामाचे, हा त्याचा न्याय. पुतणी काहीच बोलली नाही. पुढल्या वर्षी ती इंग्रजी माध्यमाच्या कॉलेजात जाणार आहे हे घरात ठरले आहे, आणि त्यात काही वावगे आहे असेही आम्ही मानीत नाही. पण तो शब्दकोश ज्या यादीत येऊन बसला त्या यादीकडे ती ज्या नजरेने पाहत होती, ती आम्हांला काही बरी वाटली नाही. दहा वर्षे ती ज्या भाषेत शिकली, तिच्यापुढे यंत्राने प्रश्नचिन्ह मांडले होते, आणि तेही किती सौजन्याने!

येथे आईने वाती बाजूला ठेवल्या. म्हणाली, "जिन्याखाली जाते आहे, ते किती वर्षांत फिरवले नाही रे?"

आम्ही हिशेब केला. पीठ तर चक्कीवरून येते. रोजचे दळण बंद होऊन तीस वर्षे सहज झाली असतील.

"आणि तुझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात हळद कशावर दळली?"

जात्यावर. पाच सुवासिनींनी खुंट्याला हात लावला होता. त्या दिवशी जाते धुऊन पुसून अंगणात आणले, त्याला हळदकुंकू वाहिले आणि काम होताच ते परत जिन्याखाली गेले. यंत्राची यादी आमच्या घराला लावली असती तर पहिले नाव जात्याचे निघाले असते. दुसरे निघाले असते आईच्या पेटीतील पैठणीचे.

आईचे बोलणे घरापुरते होते. पण त्यावरून आम्हांला जी गोष्ट आठवली ती आमच्या जिल्ह्याची आहे, आणि आमच्या मते या जिल्ह्यातील प्रत्येक मुलाला ती ठाऊक असावी. नारनूर मंडळात गुंजाळा नावाचे गोंडांचे गाव आहे. तेथे काही जुनी हस्तलिखिते घरांतून जपून ठेवलेली होती. ती गोंडी भाषेत होती हे विशेष नव्हे. विशेष हे की ती देवनागरीत नव्हती, तेलुगूतही नव्हती, तर गोंडीच्या स्वतःच्या एका लिपीत होती. ती वाचू शकणारी माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी उरली होती, आणि तीही वृद्ध. हैदराबाद विद्यापीठातील जयधीर तिरुमल राव व त्यांच्या सहकाऱ्यांनी या हस्तलिखितांचा अभ्यास हाती घेतला. सारी मिळून ती डझनभर. २०१४ साली त्या लिपीचा संगणकावर चालणारा टंक प्रसिद्ध झाला. जून २०१८ मध्ये, जगातील सर्व लिप्यांना संगणकात स्थान देणाऱ्या युनिकोड या संहितेची अकरावी आवृत्ती निघाली, आणि तीत 'गुंजाळा गोंडी' या नावानेच ती लिपी दाखल झाली. आमच्या डोंगरातील एका लहानशा गावाचे नाव आता जगभरच्या संगणकांच्या कोष्टकात कायमचे लिहिलेले आहे.

आता त्या पोथ्यांची मालकी एखाद्या टॅबलेटाकडे असती तर? शेवटी केव्हा उघडल्या? माहीत नाही. कोण वाचतो? दोन-चार म्हातारे. काढून टाका! पण तेथील माणसांनी 'असू दे' म्हटले आणि त्या राहिल्या. सुरुवातीला आम्ही या शब्दांची थट्टा केली आहे, ती छत्र्यांपुरती आणि किल्ल्यांपुरती आम्ही अजूनही मागे घेत नाही.

पुतणीने मग असा प्रश्न विचारला की त्याने साऱ्या चर्चेला निराळे वळण लागले. "काका, ठेवायचे की काढायचे ते राहू द्या. शब्दांना मुळात जागा लागते तरी किती?"

आम्ही कागद-पेन्सिल घेऊन बसलो. जागा मोजण्याचे माप बाइट. एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट. युनिकोडची सर्वत्र रूढ असलेली जी पद्धत आहे, तीत इंग्रजीचे एक अक्षर एका बाइटात मावते. उर्दूच्या अक्षराला दोन लागतात. मराठीच्या प्रत्येक वर्णाला आणि प्रत्येक मात्रेला तीन, तेलुगूलाही तीनच. निदान टॅबलेटात तरी या दोन भाषांचे वजन काट्यावर सारखे उतरते, हे सीमेवर राहणाऱ्या आम्हांला ऐकून समाधान वाटले. गुंजाळा गोंडीला चार लागतात. उशिरा आलेल्याला दूरची जागा मिळते, त्यातलाच प्रकार. पण मुद्दा पुढेच आहे. ज्ञानेश्वरीच्या ओव्या सुमारे ९०००. एकेका ओवीत वर्ण आणि मात्रा मिळून सत्तर धरल्या, तर सारी ज्ञानेश्वरी १९ लाख बाइटांच्या आत बसते. आणि मोरपिसाच्या चित्रासह शुभ सकाळ म्हणणारी, अर्ध्या मिनिटाची जी चित्रफीत आम्ही थोड्याच वेळापूर्वी पुसली होती, ती होती पन्नास लाखांची!

पुतण्याने बेरीज दोनदा तपासली. मग त्याने आपणहून क्रिकेटच्या खेळाचा आकडा काढून पाहिला आणि घाईने ते पान मिटले. त्याच्या अदबीखातर तो आकडा आम्ही येथे देत नाही. अनेक ज्ञानेश्वऱ्या त्यात सहज मावतील एवढेच सांगतो.

यातून जे दिसले ते आम्हांला तरी नवीन होते. पाच भाषांमुळे आमचा टॅबलेट भरला, हा घरातील जुना विनोद साफ चुकीचा ठरला. भाषांनी जागा अडवलेलीच नव्हती. कळफलक, शब्दकोश आणि उतरवलेली क्रमिक पुस्तके मिळून जी जागा लागली होती ती त्या चित्रपटांच्या पासंगालाही पुरली नसती. मोल्सवर्थसाहेबांच्या कोशाची दुसरी आवृत्ती १८५७ साली निघाली. दोन्ही हातांनी उचलावा असा तो जाडजूड ग्रंथ. पण अक्षरांच्या रूपाने टॅबलेटात आला तर कोपऱ्यात कोठे बसला आहे हे शोधावे लागेल. ज्याला सर्वांत कमी जागा लागते, नेमके तेच जागेच्या नावाखाली सर्वांआधी काढले जाते, हे केवळ टॅबलेटातच घडते असे नाही. असो.

शब्दकोश ठेवला. पुतणीनेच ठेवला, आम्ही हात लावला नाही. घरातील छायाचित्रांपैकी जी हवी होती ती मेमरी कार्डावर उतरवली आणि ती तेथे उघडतात की नाही हे एकेक करून पाहिले. मगच यंत्रातील प्रती पुसल्या. हा क्रम उलटा करणाऱ्यांची कष्टी तोंडे आम्ही पाहिली आहेत. संध्याकाळपर्यंत अकरा जीबी जागा मोकळी झाली आणि गणिताचे पाठ उतरले. यंत्र पुन्हा चालू लागले. धावू लागले असे म्हणवत नाही, कारण आता त्याचेही वय झाले आहे.

त्यानंतर पुतणीने एक नवाच उद्योग आरंभला. जेवण झाल्यावर ती आजीच्या बोलण्यातील एखादा शब्द पकडते आणि शब्दकोशात आहे का ते पाहते. वेसण सापडली. तिफण सापडली. काही शब्द मात्र कोशात सापडत नाहीत. ते अर्धे मराठी आणि अर्धे तेलुगू असतात, पैनगंगेच्या या काठावरच जन्मलेले. असे शब्द ती टॅबलेटातच एका टिपणात लिहून ठेवते. आजवर एक्केचाळीस झाले आहेत. त्यांना लागलेली जागा विचाराल तर ती यंत्राच्या हिशेबात दिसतसुद्धा नाही.

मार्चमध्ये परीक्षा तोंडावर आली तेव्हा टॅबलेट कपाटात बंद झाला होता. परवा तो उघडला तर यंत्राने पुन्हा आपली नम्र यादी पुढे केली. शब्दकोश तीत नव्हता. यादीच्या अगदी माथ्यावर होते क्रिकेटचे नाव. आम्ही पुतण्याकडे पाहिले, त्याने आजीकडे पाहिले आणि जिन्याकडे बोट दाखवून म्हणाला, "आजी, सांग ना काकांना, जाते!"